साक्षी आणि साक्षीदार

आपल्या भाषेत 'साक्षी' आणि 'साक्षीदार' असे दोन शब्द आहेत. दोन्हींचे मूळ एक, परंतु त्यांचे संसार अगदी निराळे. साक्षी हा शब्द आपल्याला दर्शनशास्त्रांनी दिला. सांख्यांचा पुरुष काही करीत नाही. प्रकृती नाचते आणि तो पाहतो. एकाच वृक्षावर बसलेल्या दोन पक्ष्यांचे रूपक उपनिषदांत आहे. त्यांतील एक फळ खातो, दुसरा केवळ पाहत राहतो. या पाहणाऱ्याला नाव नाही, गाव नाही, सुखदुःख नाही. त्याची थोरवीच त्याच्या अलिप्ततेत आहे. साक्षीदार हा शब्द मात्र कचेरीतला. त्याला नाव, वय, धंदा, राहण्याचे ठिकाण सांगावे लागते. शपथ घ्यावी लागते. उलटतपासणीला तोंड द्यावे लागते. आणि त्याचे म्हणणे खोटे ठरले तर शिक्षाही भोगावी लागते. साक्षीला कोणी जाब विचारीत नाही. साक्षीदाराचे अस्तित्वच मुळी जाब देण्यासाठी असते.

दुसऱ्याचे जीवन पाहणे हाच ज्याचा व्यवसाय, तो या दोघांपैकी कोण, असा प्रश्न आम्ही येथे विचारणार आहोत. आणि त्याच्या विवेचनासाठी अनुबोधपटाच्या छायालेखकाचे उदाहरण घेणार आहोत. कादंबरीकाराला कल्पनेची सवलत असते. इतिहासकार घटना संपून गेल्यावर, पुष्कळ वेळा सर्व संबंधित मरून गेल्यावर, आपल्या कामास लागतो. छायालेखकाला मात्र ती घटना घडत असताना तेथे हजर असावेच लागते. भूक, पूर, मिरवणूक, मृत्यू जे काही असेल ते त्याच्या भिंगासमोर आणि म्हणून त्याच्या देहासमोर घडते. पाहण्याच्या नीतीचा प्रश्न त्याच्या व्यवसायात जितका उघडा पडतो तितका दुसऱ्या कोठे पडत असेल असे आम्हांला वाटत नाही. आणि सरकारी कामानिमित्त आपल्या मुलखापासून दूर जाऊन परक्या लोकांची सुखदुःखे 'समक्ष पाहून' अहवाल लिहिणाऱ्या आमच्या वाचकवर्गाला तर हा प्रश्न दूरचा वाटण्याचे कारणच नाही.

या व्यवसायाचा हिंदुस्थानातील आरंभ एका मराठी माणसाने केला, हे पुष्कळांस ठाऊक असेल. हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकर ऊर्फ सावेदादा हे मुंबईचे छायाचित्रकार. १८९६ च्या जुलैत वॉटसन हॉटेलात ल्युमिएर बंधूंच्या चलच्चित्रांचे पहिले प्रदर्शन झाले. त्यानंतर लवकरच सावेदादांनी विलायतेहून कॅमेरा मागविला आणि १८९९ साली मुंबईच्या हँगिंग गार्डनमध्ये झालेली एक कुस्ती चित्रित केली. केंब्रिजला सीनिअर रँग्लर होऊन रघुनाथ पुरुषोत्तम परांजपे १९०१ साली स्वदेशी परतले, तेव्हा त्यांच्या स्वागताचेही चित्रण सावेदादांनी केले. पुढे १९०३ साली लॉर्ड कर्झनने दिल्लीस भरविलेला राज्यारोहणाचा दरबारही त्यांच्याच कॅमेऱ्याने टिपला.

या दोन चित्रणांकडे शेजारी शेजारी ठेवून पाहावे. पहिल्यात पराधीन देशाचा एक मुलगा राज्यकर्त्यांच्याच विद्यापीठात पहिला येतो आणि त्याचे देशबांधव त्याला डोक्यावर घेतात. दुसऱ्यात त्याच पराधीनतेचा उत्सव हत्ती-अंबाऱ्यांसह थाटामाटाने साजरा होतो. भिंग तेच, हात तोच. सावेदादांना यात काही विसंगती वाटली की नाही हा प्रश्न आम्ही उपस्थित करीत नाही. त्या काळच्या नवलाईत तो कोणाच्या मनात येणेही कठीण होते. परंतु यंत्राचा स्वभाव मात्र या उदाहरणाने स्पष्ट होतो. कॅमेऱ्याला स्वाभिमान आणि लाचारी यांतील भेद कळत नाही. त्याच्यापुढे जे येईल ते तो सारख्याच निष्ठेने उमटवितो. तो खरोखर सांख्यांचा पुरुष आहे. प्रश्न त्या यंत्राचा नाही. यंत्रामागे जो मनुष्य उभा असतो त्याला यंत्राची ही निर्विकारता उसनी घेता येईल काय, हा आहे.

एका संपूर्ण कारकिर्दीच्या आधाराने हा प्रश्न तपासून पाहू. रिचर्ड लीकॉक हा १९२१ साली लंडनमध्ये जन्मला आणि कॅनरी बेटांवर, वडिलांच्या केळीच्या मळ्यात वाढला. इंग्लंडमधील शाळेत गेल्यावर आपल्या घरची हकीकत सोबत्यांना सांगावी असे त्याला वाटू लागले, आणि १९३५ साली, चौदा वर्षांच्या वयात, त्याने केळीच्या लागवडीवर एक लहानसा मूकपट तयार केला. लागवड, पाणी, तोडणी, बांधणी, जहाज असे सर्व काही त्यात क्रमवार आले होते. परंतु पुढे आयुष्यभर तो म्हणत राहिला की, त्या चित्रपटात माहिती सगळी होती, नव्हते ते इतकेच की पाहणाऱ्याला आपण त्या मळ्यात उभे आहोत असे वाटत नव्हते. हे 'तेथे असणे' प्रेक्षकाच्या अनुभवास आणून देणे हाच त्याच्या पंचाहत्तर वर्षांच्या उद्योगाचा हेतू ठरला. त्याने हार्वर्डला पदार्थविज्ञान शिकून घेतले तेही यंत्राची कुलपे उघडता यावीत म्हणून. दुसऱ्या महायुद्धात तो अमेरिकन सैन्याचा छायालेखक म्हणून ब्रह्मदेश आणि चीन येथे होता.

युद्ध संपल्यावर रॉबर्ट फ्लाहर्टी याने त्याला आपल्या 'लुइझियाना स्टोरी' या चित्रपटासाठी छायालेखक म्हणून घेतले. फ्लाहर्टी म्हणजे अनुबोधपटाचा जनक मानला गेलेला पुरुष. त्याच्याविषयी चार शब्द येथे लिहिणे आवश्यक आहे, कारण आमचा प्रश्न त्याच्यापाशीच प्रथम टोकदार होतो. १९२२ च्या 'नानूक ऑफ द नॉर्थ' या त्याच्या चित्रपटात ध्रुवप्रदेशातील एका इन्यूइट कुटुंबाचे जीवन दाखविले आहे. नायकाचे खरे नाव नानूक नव्हते, अल्लाकारियाल्लाक असे होते. बर्फाच्या घरात उजेड पुरेना, म्हणून अर्धे घर उघडे टाकून बांधण्यात आले आणि त्या उघड्या थंडीत कुटुंबाने निजण्याउठण्याचे चित्रण करविले. बंदुका वापरू लागलेल्या त्या लोकांना चित्रणापुरते भाले हाती घ्यावे लागले. १९३४ च्या 'मॅन ऑफ अरान'मध्ये तर आयर्लंडजवळच्या बेटांवरील लोकांना, त्यांच्यात कित्येक पिढ्यांपूर्वी बंद पडलेली शार्कची शिकार नव्याने शिकविण्यात आली. आणि खवळलेल्या समुद्रात नाव घालावयास लावून त्यांच्या जिवाशी खेळ करण्यात आला. त्या लोकांना जे करावयास सांगितले त्याबद्दल आपण शिक्षेस पात्र होतो, अशा अर्थाचे उद्गार पुढे फ्लाहर्टीनेच काढले आहेत.

फ्लाहर्टी लबाड होता असे मात्र कोणी समजू नये. त्या लोकांवर त्याचे अकृत्रिम प्रेम होते. परंतु ते प्रेम त्यांच्या आजच्या रूपावर नव्हते. आपल्या मनात त्यांचे जे शाश्वत रूप त्याने कल्पिले होते त्याच्यावर होते. आपणही असे प्रेम पुष्कळदा करतो. परप्रांतातील आदिवासी पाड्यावर गेलेला सुशिक्षित मनुष्य तेथील नृत्य पाहून हरखतो आणि त्याच पाड्यातील मुलाने पाटलोण घातलेली पाहून खिन्न होतो. पाहणाऱ्याच्या प्रेमाने पाहिल्या जाणाऱ्याचा वर्तमानकाळ हिरावून घेतला जाऊ शकतो, ही या प्रकरणातील शिकवण आहे. आणि ती द्वेषातून होणाऱ्या अन्यायापेक्षा ओळखावयास अधिक अवघड आहे.

'लुइझियाना स्टोरी' १९४८ साली प्रदर्शित झाला. दलदलीच्या रमणीय प्रदेशात राहणारा एक मुलगा, आणि तेथे खनिज तेलाचा शोध घेण्यास आलेले सज्जन कामगार, असा त्याचा विषय. खर्च न्यू जर्सीच्या स्टँडर्ड ऑइल कंपनीने केला होता. चित्रपटात आपले नाव यावे असा आग्रह कंपनीने धरला नाही. आणि हा तिचा समंजसपणा होता तसाच धूर्तपणाही होता. जेथे मालकाचे नाव दिसत नाही तेथे प्रेक्षक मालकाविषयी प्रश्न विचारीत नाही. लीकॉकचे छायालेखन त्यात अतिशय सुंदर आहे. पाण्यावर तरंगणारी पाने, मगरीची हालचाल, होडीतून जाणारा मुलगा हे सारे आजही पाहणाऱ्याला भुलविते. परंतु सौंदर्याने प्रश्न सुटत नाहीत. ते फक्त काही काळ विचारले जात नाहीत.

या अनुभवातून लीकॉकने जो धडा घेतला तो मात्र यंत्राविषयीचा होता, आणि तो मोठा मार्मिक आहे. त्याच्या लक्षात आले की मूक चित्रण करताना छायालेखक मोकळा असतो. पण आवाज घ्यावयाचा म्हटले की अवजड कॅमेरा, तिपाई, ध्वनिमुद्रणाची सामग्री, दिवे, तारा आणि त्यांना सांभाळणारी माणसे येतात, आणि मग जीवन त्या यंत्राच्या सोयीने चालू लागते. 'पुन्हा एकदा तेच करा' असे माणसांना सांगावे लागते. म्हणजे असत्य केवळ मनाच्या वाकडेपणातून येत नाही. यंत्राच्या वजनातूनही येते. १९६० च्या सुमारास रॉबर्ट ड्रू, डॉन पेनबेकर, आल्बर्ट मेझल्स आणि लीकॉक यांनी खांद्यावर वाहता येईल असा सोळा मिलिमीटरचा कॅमेरा आणि त्याच्याशी ताल राखून चालणारे हलके ध्वनिमुद्रण यंत्र यांची जोडी जमविली. त्याच वर्षी विस्कॉन्सिन राज्यात केनेडी आणि हम्फ्री यांच्यात झालेल्या उमेदवारीच्या लढतीवर त्यांनी 'प्रायमरी' हा चित्रपट घेतला. त्यांनी स्वतःस काही नियम घालून घेतले: मुलाखत घ्यावयाची नाही, काही करून दाखवा म्हणून सांगावयाचे नाही, दिवे लावावयाचे नाहीत, तिपाई वापरावयाची नाही. मतमोजणीच्या रात्री हॉटेलच्या खोलीत केनेडी निकालाची वाट पाहत बसले असता लीकॉक लहानसा कॅमेरा घेऊन तेथे होता, आणि खोलीतील माणसे त्याला विसरून गेली होती.

१९६२ च्या सार्वत्रिक निवडणुकीच्या वेळी लीकॉक हिंदुस्थानात आला आणि ग्रेगरी शूकर याच्यासह त्याने पंडित नेहरूंवर चित्रपट घेतला. पंतप्रधानांनी छायालेखकाकडे दुर्लक्ष करावे आणि छायालेखकाने त्यांच्याकडे काही मागू नये, असे ठरले होते. चित्रपट घेणारी माणसेही या चित्रपटात आपल्या उपस्थितीची कबुली देतात. ही कबुली आम्हांला फार महत्त्वाची वाटते. माशीसारखे भिंतीवर बसून पाहता येते हा त्या काळचा समज होता. परंतु ज्या खोलीत कॅमेरा आला ती खोली पूर्वीची राहत नाही, हे त्या समजापेक्षा खरे होते. आपण येथे आहोत एवढे सांगून टाकणे ही साक्षीदार होण्याची पहिली पायरी होय.

दुसरी पायरी लीकॉकने पुढच्या वर्षी चढली. १९६३ च्या सप्टेंबरात अमेरिकेतील साउथ डकोटा राज्यातील अ‍ॅबर्डीन या लहान गावी एका स्त्रीला एकाच वेळी पाच अपत्ये झाली आणि पाचही जगली. गावाला आनंद झाला; त्याबरोबरच आता गाव नकाशावर आले, प्रवासी येतील, व्यापार वाढेल, असा हिशेबही सुरू झाला. भेटवस्तू आल्या, मिरवणूक निघाली, मेजवानी झाली, भाषणे झाली. लीकॉक आणि जॉइस चोप्रा यांनी हे सर्व चित्रित केले, आणि त्यांच्या 'हॅपी मदर्स डे' या चित्रपटात आनंदसोहळ्याच्या मधोमध बसलेली ती आई किती अवघडून गेली आहे, हे स्पष्ट दिसते. एका क्षणी ती मान वळवून सरळ कॅमेऱ्याकडे पाहते. जुन्या शिस्तीप्रमाणे अशी फीत कापून टाकावयाची असते, कारण कॅमेरा तेथे नाही असे नाटक त्यामुळे उघडे पडते. लीकॉकने ती ठेवली. त्या नजरेत तक्रार नाही. 'तुम्ही पाहता आहात ना?' एवढीच विचारणा आहे. याच चित्रणातून दूरचित्रवाणीसाठी जी आवृत्ती तयार झाली तिचा पुरस्कर्ता बालकांचे अन्न विकणारा व्यापारी होता, आणि तिच्यात हा अवघडलेपणा शिल्लक राहिला नाही. चित्रण तेच, साक्ष मात्र उलट.

यावरून एक गोष्ट ध्यानात येते. साक्ष ही केवळ चित्रणात नसते. काय ठेवले, काय कापले, कोणाच्या खर्चाने दाखविले, या सर्वांत ती असते. म्हणून 'आम्ही फक्त टिपले' हे उत्तर अपुरे आहे. लीकॉकने पुढे मॅसॅच्युसेट्सच्या तंत्रविद्यालयात वीसएक वर्षे अध्यापन केले, सामान्य माणसाला परवडेल असा आठ मिलिमीटरचा बोलका कॅमेरा बनविण्याची खटपट केली, आणि म्हातारपणी पॅरिसला जाऊन लहान व्हिडिओ कॅमेऱ्याने रोजच्या जगण्याची चित्रे घेतली. २०११ च्या मार्चमध्ये तो वारला. पाहण्याचे साधन पाहिल्या जाणाऱ्याच्याही हाती जावे, ही त्याच्या उत्तरायुष्यातील खटपटीची दिशा होती. ज्याच्याकडे पाहिले जाते त्याला उलट पाहता आले पाहिजे. साक्षीदाराची उलटतपासणी हीच ना?

आता याहून कठोर उदाहरणांकडे वळू. जॉर्ज स्टीव्हन्स याने आपली कारकीर्द लॉरेल आणि हार्डी यांच्या विनोदी पटांचा छायालेखक म्हणून सुरू केली, आणि पुढे तो हलक्याफुलक्या चित्रपटांचा नामांकित दिग्दर्शक झाला. युद्धात तो अमेरिकन सैन्याच्या चित्रण पथकाचा प्रमुख होता, आणि १९४५ च्या एप्रिलअखेर डाखाऊची छळछावणी मुक्त झाली तेव्हा त्याने तेथे चित्रण केले. त्याच महिन्याच्या मध्यास ब्रिटिश सैन्याच्या छायालेखकांनी बेर्गेन-बेल्झेन येथे हेच काम केले होते. ब्रिटिशांच्या त्या चित्रणातून चित्रपट करण्याचे ठरले तेव्हा आल्फ्रेड हिचकॉकने एक सल्ला दिला: तुकडे जोडून दाखवू नका, प्रेतांच्या राशीपासून कॅमेरा सलग फिरवून शेजारच्या गावातील प्रतिष्ठित नागरिकांपर्यंत न्या, म्हणजे हे बनावट आहे असे उद्या कोणास म्हणता येणार नाही. राजकारणाचे वारे बदलल्यामुळे तो चित्रपट त्या वेळी बाजूस पडला आणि २०१४ साली लंडनच्या इंपिरियल वॉर म्यूझियमने तो पुरा केला.

न्यूरेंबर्गच्या न्यायालयात १९४५ च्या २९ नोव्हेंबरला छळछावण्यांवरील अमेरिकन चित्रपट दाखविण्यात आला. त्याच्या आरंभी स्टीव्हन्सचे प्रतिज्ञापत्र पडद्यावर येते: ही चित्रे खरी आहेत, त्यांत काही फेरफार केलेला नाही. चित्रपटाच्या प्रारंभी कलावंतांची नावे यावयाची. येथे शपथ आली. साक्षीचा साक्षीदार झाला तो या ठिकाणी. त्याने आपल्या पाहण्याखाली सही केली. त्यानंतर स्टीव्हन्सला पुन्हा विनोदी चित्रपट काढता आला नाही. पाहण्याची किंमत पाहणाऱ्यालाही मोजावी लागते, आणि ज्याला ती मोजावी लागली नाही त्याने काय पाहिले असेल याची शंका येते.

याच्या उलट एक उदाहरण त्याच जर्मनीतील आहे. १९३४ च्या न्यूरेंबर्ग येथील नाझी अधिवेशनावर लेनी रीफेनश्टाल हिने 'ट्रायम्फ ऑफ द विल' हा चित्रपट तयार केला. तो १९३५ साली प्रदर्शित झाला. सेप अल्गायर हा त्याचा प्रमुख छायालेखक. बर्फाच्छादित पर्वतांचे चित्रण करण्यात त्याचा हात कोणी धरीत नसे. तीच उंची, तीच भव्यता त्याच्या भिंगाने त्या मेळाव्याला दिली. युद्धानंतर रीफेनश्टाल शेवटपर्यंत सांगत राहिली की, आपण घडलेल्या घटनेची नोंद केली, प्रचार केला नाही. प्रत्यक्षात कॅमेऱ्यासाठी लिफ्ट बसविलेले ध्वजस्तंभ आणि रूळ टाकलेले रस्ते पाहता तो मेळावा जितका लोकांसाठी भरला होता तितकाच चित्रणासाठीही भरला होता. अलिप्ततेचा दावा सर्वांत जोराने कोण करतो, हे पाहण्यासारखे आहे. साक्षीची भाषा साक्षीदाराच्या पिंजऱ्यातून सुटण्यासाठी वापरता येते, हा या उदाहरणाचा अर्थ.

आणि आणखी एक, शेवटचे. १९७३ साली चिलीमध्ये निवडून आलेल्या आयेंदे सरकारविरुद्ध कारस्थाने चालू असता, पॅट्रिसियो गुझमान आणि त्याचे चार-पाच सोबती 'बॅटल ऑफ चिली' या चित्रपटासाठी रस्त्यारस्त्यांतून चित्रण करीत होते. होर्हे म्युलर सिल्वा हा त्यांचा छायालेखक. वय पंचविशीच्या आसपास. कच्ची फीत क्रिस मार्करने फ्रान्सहून पाठविलेली. त्या चित्रपटात दुसऱ्या एका छायालेखकाने घेतलेले थोडे चित्रण आहे. लिओनार्डो हेन्रिकसेन हा अर्जेंटिनाचा. २९ जून १९७३ रोजी सांतियागोच्या रस्त्यावर बंडखोर सैनिकांचे चित्रण करीत असता एक सैनिक त्याच्यावरच नेम धरतो, गोळी झाडतो, आणि चित्र डळमळते. आपल्याला मारणाऱ्याची साक्ष त्याने नोंदून ठेवली. सप्टेंबरात सैन्याने सत्ता घेतली. गुझमानची फीत स्वीडनच्या वकिलातीमार्फत देशाबाहेर गेली. चित्रपट क्यूबामध्ये संकलित झाला आणि १९७५ ते १९७९ या काळात त्याचे तीन भाग निघाले. म्युलर मात्र देशातच राहिला. २९ नोव्हेंबर १९७४ रोजी गुप्त पोलिसांनी त्याला आणि कार्मेन बुएनो या अभिनेत्रीला पकडून नेले. ती दोघे पुन्हा कोणाच्या दृष्टीस पडली नाहीत. चित्रपट त्याच्या स्मृतीस अर्पण केलेला आहे. जो केवळ पाहतो त्याला सत्तेने इतके भ्यावे का? सत्तेला कळलेले असते की तो केवळ पाहत नाही.

येथे एक आक्षेप येणार हे आम्ही जाणतो. पाहणाऱ्याने पदोपदी मध्ये पडावयाचे ठरविले तर पाहणार कोण? बुडणाऱ्याला वाचविण्यासाठी प्रत्येक छायालेखकाने कॅमेरा खाली ठेवला तर पूर किती मोठा होता हे जगाला कसे कळणार? आक्षेप खरा आहे. तथापि 'अनेकांच्या कल्याणासाठी या एकाकडे दुर्लक्ष केले' हा हिशेब इतका सोयीचा आहे की, ज्याला काहीच करावयाचे नाही त्यालाही तो वापरता येतो. म्हणून आम्हांला मर्यादा अशी वाटते: मदत करणारे दुसरे हात जवळ असतील तर पाहणे हेच त्याचे कर्तव्य; परंतु त्या ठिकाणी हात फक्त त्याचेच असतील तर कॅमेरा खाली ठेवलाच पाहिजे. ही मर्यादा प्रत्येक वेळी स्पष्ट दिसेल असे नाही. परंतु ती शोधण्याचा त्रास ज्याने घेतला नाही त्याला अलिप्त म्हणता येणार नाही. तो फक्त गैरहजर.

आपल्या परंपरेत या प्रश्नाचे उत्तर केवळ दोन पक्ष्यांच्या रूपकात नाही. ते संजयापाशीही आहे. संजय दिव्य दृष्टी घेऊन राजवाड्यात धृतराष्ट्राच्या शेजारी बसला आणि त्याने सुखाने वर्णन केले, अशी आपली समजूत असते. महाभारत उघडून पाहिले तर चित्र निराळे दिसते. भीष्मपर्वात भीष्म पडल्याची वार्ता घेऊन तो रणांगणावरून येतो. शल्यपर्वात तो सात्यकीच्या हाती सापडतो, आणि व्यास मध्ये पडतात म्हणून त्याचा जीव वाचतो. दुर्योधन मेल्यावर त्याची दिव्य दृष्टी नाहीशी होते. म्हणजे व्यासांनीही साक्षीला युद्धाबाहेर ठेवले नाही. आणि त्याहून महत्त्वाचे हे की, संजय धृतराष्ट्राचा सेवक होता. ज्याचे मीठ तो खात होता त्याच्याच मुलांच्या मरणाची वार्ता त्याने त्याला दिली, आणि हे तुझ्याच दोषामुळे घडते आहे, असेही वेळोवेळी सांगितले. त्याने नोकरी सोडली नाही, आणि वार्ताही मऊ केली नाही.

सरकारी सेवेत असलेल्या माणसाला संजयाची ही बाजू विचारात घेण्यासारखी आहे. १९४८ साली स्थापन झालेल्या फिल्म्स डिव्हिजनचे वार्तापट आणि अनुबोधपट देशातील चित्रपटगृहांत मुख्य चित्रपटाच्या आधी दाखवावेच लागत, हे आमच्या वडीलधाऱ्या वाचकांस आठवत असेल. धरणांची उद्‌घाटने आणि मंत्र्यांची भाषणे त्यांत पुष्कळ असत, आणि प्रेक्षक तेवढ्या वेळात बाहेर विडी ओढून येत. परंतु त्याच संस्थेत १९६७ साली एस. एन. एस. शास्त्री यांनी 'आय अ‍ॅम ट्वेंटी' हा चित्रपट केला. १९४७ साली जन्मलेल्या तरुणांना स्वतंत्र देशाविषयी काय वाटते ते त्यांनी त्यांच्याच तोंडून ऐकविले. आशा ऐकविली तशी नाराजीही ऐकविली. सरकारच्या फितीवर, सरकारच्या खर्चाने. ती संस्था २०२२ साली राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळात विलीन झाली. हा चित्रपट मात्र अद्याप पाहिला जातो, आणि त्या काळची उद्‌घाटने कोणी पाहत नाही.

आपणांपैकी अनेकांनी पिकांची नजरपाहणी केली असेल, पूरग्रस्त वस्तीचा पंचनामा लिहिला असेल, दंगलीनंतर गल्लीतून फिरून टिपणी तयार केली असेल. बोली परकी, माणसे परकी. काही महिन्यांनी बदली व्हावयाची. अशा स्थितीत आपण केवळ साक्षी आहोत असे वाटणे स्वाभाविक आहे. आपले येथे काय आहे? पाहिले, लिहिले, वर पाठविले. परंतु पंचनाम्याची रीत आपल्या पूर्वजांनी काही विचाराने घातली आहे. पंच पाहतात, पण नुसते पाहून त्यांची सुटका होत नाही. वाचून पाहून खाली नाव लिहावे लागते, आणि पुढे केव्हाही बोलावणे आले तर येऊन उभे राहावे लागते. पाहिल्यानंतरची ही बांधिलकी हाच पंचनाम्याचा प्राण आहे.

म्हणून साक्षी आणि साक्षीदार यांपैकी एकाची निवड करावयाची नाही, असे आमचे मत झाले आहे. पाहण्याच्या क्षणी मन साक्षीचे असावे. त्या वेळी आपला राग, आपले प्रेम, आपल्या मालकाची इच्छा यांनी भिंग धूसर होऊ नये. परंतु तो क्षण संपला की साक्षीदार झाले पाहिजे: मी तेथे होतो, अमुक ठिकाणी उभा होतो, अमुकाने मला पाठविले होते, मी हे पाहिले आणि हे मला दिसू शकले नाही, असे सांगून खाली सही केली पाहिजे. आणि ज्याच्याकडे आपण पाहिले त्याने एखाद्या क्षणी मान वळवून आपल्याकडे पाहिले, तर ती फीत कापून टाकण्याचा अधिकार आपल्याला नाही.